आमिदेई, सेर्जो
आमिदेई, सेर्जो : (३० ऑक्टोबर १९०४–१४ एप्रिल १९८१). इटालियन पटकथाकार व चित्रपटनिर्माता. जन्म त्रिएस्ते या बंदरात. ते शहर त्या वेळी ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होते. मूकपटांच्या काळात तुरीनच्या स्टुडिओत पडेल ते काम करत ते या व्यवसायात शिरले आणि १९३० नंतरच्या दशकात रोममध्ये पटकथालेखनात स्थिरावले. नववास्तववाद या इटालियन चित्रपटप्रवाहाचा इतिहास सहसा दिग्दर्शकांच्या नावाने सांगितला जातो. रस्त्यावर उतरलेला कॅमेरा, नट नसलेली माणसे आणि आयत्या वेळी सुचलेले प्रसंग, असे त्याचे परिचित वर्णन आहे. आमिदेईंचे काम पाहिले, की हे वर्णन अपुरे ठरते. पडद्यावर सहज घडल्यासारखे वाटणारे बरेच काही कागदावर विचारपूर्वक बांधलेले होते, आणि त्या बांधणीतला एक प्रमुख हात आमिदेईंचा होता.

याचा पहिला पुरावा म्हणजे रोबेर्तो रोसेलिनी यांचा ‘रोमा, चित्ता आपेर्ता’ (१९४५). एका धर्मगुरूवर आणि रोममधल्या मुलांवर असे दोन स्वतंत्र लघुपट करण्याची मूळ कल्पना होती; त्यांतून पुढे एक पूर्ण लांबीची कथा उभी राहिली. तिच्यातली सामग्री नाझींनी व्यापलेल्या रोममधली, अगदी ताजी होती. ३ मार्च १९४४ रोजी, नवरा कैदेत असलेल्या तेरेझा गुल्लाचे या गरोदर बाईला जर्मन सैनिकाने गोळी घातली. आन्ना मान्यानी यांनी साकारलेली पिना तिच्यावरून घडली. छपरावरून निसटणाऱ्या मान्फ्रेदी या कम्युनिस्टाच्या प्रसंगाला, पियाझ्झा दी स्पान्याजवळ राहणाऱ्या आमिदेईंच्या स्वतःच्या अनुभवाचा आधार होता. रोसेलिनी चित्रीकरणाच्या वेळी पटकथा बाजूला ठेवत, मग श्रेय लेखकाला कसे, असा आक्षेप येथे घेता येईल. दिग्दर्शकाची ही सवय खरी आहे. पण हा चित्रपट तीन मृत्यूंवर तोललेला आहे. मध्यावर पिना, नंतर छळात मरणारा कम्युनिस्ट आणि शेवटी गोळीबार पथकासमोरचा धर्मगुरू, हा चढता क्रम आयत्या वेळच्या सुचण्यातून उभा राहत नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. इटलीत एकेका पटकथेवर चार-पाच नावे असत, तेव्हा एकाचा वाटा वेगळा काढायचा कसा? ‘रोमा, चित्ता आपेर्ता’च्या पटकथेत फेदेरिको फेलिनी होते, तर व्हित्तोरिओ दे सिका यांच्या ‘शुशा’मध्ये (१९४६) चेझारे झाव्हात्तिनी. वाक्यावाक्याचा हिशेब लागणार नाही, हे मान्यच आहे. तरी सहकारी बदलूनही काय टिकते, हे पाहता येते. हे दोन चित्रपट, ‘पाइझा’ (१९४६) आणि ‘इल जेनेराले देल्ला रोव्हेरे’ (१९५९) अशा चार पटकथांना ऑस्करची नामांकने मिळाली. चारही श्रेयनामावल्यांत आमिदेई आहेत. दे सिका यांच्याच ‘सायकल चोर’च्या लेखनातून ते सुरुवातीलाच बाजूला झाले. सायकल चोरीला गेलेल्या कामगाराला पक्षातले साथी सायकल मिळवून देतील, हा त्यांचा मुद्दा होता असे सांगितले जाते. त्या उत्कृष्ट चित्रपटाबाबत हा हट्ट कदाचित चुकीचा ठरेल. पण घटनेमागे सामाजिक कारण हवेच, ही त्यांची शिस्त त्यातून दिसते.

निर्माता म्हणून केलेल्या कामातून हेच अधिक स्पष्ट होते. आपल्या कोलोन्ना फिल्म या संस्थेतर्फे त्यांनी ‘दोमेनिका दागोस्तो’ (१९५०) काढला आणि तोवर केवळ माहितीपट केलेल्या लुच्यानो एमेर यांच्याकडे तो सोपवला. ऑगस्टमधला एक रविवार, ओस्तियाच्या समुद्रकिनाऱ्याकडे लोटलेले रोम आणि एकमेकांना छेदत जाणाऱ्या अनेक छोट्या कथा, एवढाच त्याचा ऐवज. वाहतूक पोलिसाच्या भूमिकेत तरुण मार्चेल्लो मास्त्रोयान्नी आहेत. इथे नायक नाही. गर्दीच कथा चालवते. एवढे धागे एका दिवसात गुंफायचे तर आधी आराखडा लागतो. लेखकच निर्माता असल्याने तो आराखडा शेवटपर्यंत शाबूत राहिला, असे म्हणता येते.

पुढे नट आल्बेर्तो सॉर्दी यांच्या विनोदी चित्रपटांसाठी लिहून ते बाजाराला शरण गेले, असेही म्हटले जाईल. विषय पाहिले तर हा आरोप टिकत नाही. ‘इल मेदिको देल्ला मूतुआ’ (१९६८) आरोग्यविमा योजनेतले रुग्ण गोळा करणाऱ्या डॉक्टरवर आहे, तर ‘देतेनूतो इन आत्तेझा दी जुदित्सिओ’ (१९७१) कारण न सांगता तुरुंगात डांबलेल्या माणसावर. मारिओ मोनिचेल्ली यांच्या ‘उन बोर्गेझे पिक्कोलो पिक्कोलो’मध्ये (१९७७) मुलाच्या खुनाचा सूड घेणारा कारकून आहे. १९४५ मध्ये सामान्य माणसासमोर परकी सत्ता उभी होती, आता स्वतःच्याच देशाची व्यवस्था उभी आहे. लेखकाचा प्रश्न तोच राहिला. एत्तोरे स्कोला यांच्यासह लिहिलेला ‘व्हारेनची रात्र’ (१९८२) मृत्यूनंतर प्रदर्शित झाला. १७९१ मध्ये पळून निघालेल्या फ्रेंच राजाच्या मागोमाग जाणाऱ्या घोडागाडीतली माणसे, हा त्याचा विषय. एका जागी, थोड्या वेळात अनेक माणसे, ही जुनी बांधणी त्यातही आहे. गोरित्सिया या शहरात त्यांच्या नावाचा आंतरराष्ट्रीय पुरस्कार दिला जातो; तो सर्वोत्कृष्ट पटकथेसाठी आहे.