देवगड ते नागपूर : बख्त बुलंद शाह यांच्या राज्याचा इतिहास

प्रस्तावना

लोधीखेडा, सौंसर, पांढुर्णा या परिसरातील विद्यार्थ्यांना नागपूर परिचित आहे ते शिक्षणाचे, बाजाराचे व दवाखान्याचे शहर म्हणून. या शहराचे मूळ आपल्याच सातपुड्यातील, छिंदवाडा जिल्ह्यातील देवगड किल्ल्यात आहे, ही बाब मात्र वर्गात क्वचितच सांगितली जाते. प्रस्तुत लेखात देवगडच्या गोंड राज्याचा थोडक्यात आढावा घेतला आहे.

जाटबा ते बख्त बुलंद

अकबराच्या काळात देवगडवर जाटबा यांचे राज्य होते. 'आईन-ए-अकबरी'त त्यांच्याकडे २,००० घोडेस्वार, ५०,००० पायदळ व १०० हत्ती असल्याची नोंद आहे. पुढे १६३७ साली खान-ए-दौरान याने नागपूरच्या गढीवर हल्ला केला, तेव्हा राजा कोकशाह यांना मोगलांना खंडणी द्यावी लागली.

याच घराण्यातील एक वारस राज्याच्या वादात दाद मागण्यासाठी औरंगजेबाकडे गेला. १६८६ च्या सुमारास त्याने इस्लाम स्वीकारला व त्याला 'बख्त बुलंद', म्हणजे थोर भाग्याचा, हे नाव मिळाले. परंतु धर्म एक झाला म्हणून राजकारण एक झाले नाही. बख्त बुलंद शाह यांनी पुढे मोगल सत्तेविरुद्ध बंड पुकारले. तेव्हा संतापलेल्या बादशहाने त्यांना 'निगून बख्त', म्हणजे फुटक्या नशिबाचा, म्हणावे असा हुकूम काढला. धर्मांतराकडे केवळ एकाच चष्म्यातून पाहणाऱ्यांनी हा प्रसंग लक्षात ठेवण्यासारखा आहे.

नागपूरची स्थापना

नाग नदीकाठच्या 'राजापूर बारसा' नावाने ओळखल्या जाणाऱ्या बारा वस्त्या एकत्र करून बख्त बुलंद शाह यांनी १७०२ च्या सुमारास नागपूर शहर वसविले. इंग्रज रेसिडेंट रिचर्ड जेन्किन्स यांनी १८२७ च्या अहवालात त्यांच्या कारभाराची प्रशंसा केली आहे. हिंदू असो वा मुसलमान, गुणवान माणसाला त्यांनी कारभारात स्थान दिले, चहूकडून कष्टाळू लोक येऊन वसले, नवी गावे उभी राहिली, शेती व व्यापार वाढला, असा त्याचा आशय आहे.

त्यांचे पुत्र चांद सुलतान यांनी राजधानी नागपूरला आणली, शहराभोवती तट बांधला व जुम्मा तलाव बांधला. आजचा गांधीसागर तो हाच. त्यांच्या मृत्यूनंतर वलीशाह याने गादी बळकावली. तेव्हा राणी रतनकुंवर यांनी वऱ्हाडातून रघुजी भोसले यांना मदतीस बोलाविले. पुढे बुऱ्हाण शाह व अकबर शाह या भावांत कलह झाला आणि १७४३ मध्ये सत्ता भोसल्यांकडे गेली. बुऱ्हाण शाह यांचे वंशज तनखा घेऊन नागपुरातच राहिले.

समारोप

देवगडच्या किल्ल्यावर आज नक्कारखाना व मोती टाके यांचे अवशेष दिसतात. हा इतिहास गोंडांचा की मुसलमानांचा की मराठ्यांचा, अशी वाटणी करता येत नाही. त्यातील एक धागा ओढला तर सारे वस्त्रच उसवते. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत नागपूर तेव्हाच्या मुंबई राज्यात व पुढे महाराष्ट्रात गेले आणि देवगड मध्य प्रदेशात राहिले. त्यामुळे दोन्हीकडच्या पाठ्यपुस्तकांत ही गोष्ट अर्धीमुर्धी राहण्याचा धोका असतो. ती पूर्ण सांगण्याची जबाबदारी आपणा शिक्षकांवर येते. वर्षातून एक सहल देवगडला नेली, तरी तिची सुरुवात होऊ शकेल.