पीएस-२ ला पेनड्राइव्ह लावून गेम चालतात का? आधी काय वाचवायचं आणि मग काय चालवायचं

माळ्यावरचा जुना पीएस-२ खाली काढला, धूळ पुसली, टीव्हीला पिवळी-पांढरी-लाल वायर लावली, सीडी टाकली. थोडा वेळ कुरकुर आवाज येतो आणि मग 'प्लेस्टेशनची डिस्क टाका' असं सांगणारी लाल स्क्रीन उभी राहते. बहुतेक वेळा कन्सोल ठीक असतो, फक्त आतली लेन्स थकलेली असते. मग समोरच्या बाजूचे दोन यूएसबी पोर्ट दिसतात आणि साहजिकच प्रश्न पडतो: सीडीचा नाद सोडून गेम सरळ पेनड्राइव्हवरून चालवले तर?

चालतात. पण सगळे नीट चालत नाहीत. आणि गंमत म्हणजे त्या यूएसबी पोर्टचा सगळ्यात चांगला उपयोग गेम आत आणण्यासाठी नाही, तर तुमच्या सेव्ह फाइल बाहेर काढण्यासाठी आहे. दोन्ही गोष्टी पाहू.

थोडक्यात हुकलेली गाडी

पीएस-२ जपानमध्ये ४ मार्च २००० रोजी विक्रीला आला. यूएसबी २.० चा आराखडा जाहीर झाला एप्रिल २००० च्या शेवटी. म्हणजे पीएस-२ च्या नशिबी आलं ते जुनं यूएसबी १.१, ज्याचा कमाल वेग सेकंदाला १२ मेगाबिट. बाइटमध्ये हिशोब केला तर कागदावर १.५ एमबी, आणि प्रत्यक्षात १ एमबीच्या आसपास. तुमचा पेनड्राइव्ह कितीही महागाचा, यूएसबी ३ वाला असला तरी इथे त्याला त्याच वेगाने चालावं लागतं.

आता तुलना बघा. पीएस-२ चा डीव्हीडी ड्राइव्ह ४एक्स वेगाचा, म्हणजे सेकंदाला साधारण ५ एमबी. थोडक्यात, थकलेली सीडी सोडून पेनड्राइव्हकडे जाणं म्हणजे वाचनाचा वेग चार-पाच पट कमी करून घेणं. गेम बनवणाऱ्यांनी सगळं गणित डीव्हीडीच्या वेगावर बसवलेलं असल्यामुळे मधले व्हिडिओ अडखळतात, आवाज तुटतो, गाडी वेगाने चालवताना पुढचा रस्ता उशिरा उमटतो. ज्या गेममध्ये एकदा सगळं लोड होतं आणि मग बराच वेळ डिस्कला हात लागत नाही, ते मात्र मजेत चालतात. मारामारीचे, कोड्यांचे आणि बरेचसे खेळांचे गेम या गटात येतात. सॅन अँड्रियाससारखा सतत नकाशा वाचत राहणारा गेम पेनड्राइव्हवर खेळणं हा सहनशीलतेचा भाग आहे.

दार कुठून उघडायचं

सोनीने हे पोर्ट कीबोर्ड, कॅमेरा, मायक्रोफोन अशा गोष्टींसाठी दिले होते. कन्सोलचा स्वतःचा मेन्यू पेनड्राइव्ह ओळखतच नाही, त्यामुळे आधी एखादा छोटा प्रोग्राम आत शिरवावा लागतो. सगळ्यात प्रचलित मार्ग 'फ्री मॅकबूट' हा आहे. हा प्रोग्राम मेमरी कार्डवर बसतो आणि कन्सोल सुरू होताच चालू होतो. आत काही खोलायचं नाही, डाग द्यायचा नाही, पूर्वी लॅमिंग्टन रोडला जाऊन 'चिप मारून' आणायचे तसलं काही नाही. कार्ड काढलं की कन्सोल पुन्हा जसाच्या तसा.

खरेदीआधी कन्सोलच्या मागे किंवा खाली चिकटवलेला मॉडेल नंबर वाचा. 'एससीपीएच-९०' ने सुरू होणाऱ्या शेवटच्या स्लिम मॉडेलपैकी नंतर बनलेल्या यंत्रांवर फ्री मॅकबूट चालत नाही, सोनीने ती फट बुजवली. त्यांच्यासाठी २०२० मध्ये दोन वाटा निघाल्या: मेमरी कार्डवरचा 'ओपनट्यूना' आणि साध्या डीव्हीडी-आर वर बर्न करायचा 'फ्री डीव्हीडी बूट'. दुसरी वाट अर्थातच लेन्स शाबूत असेल तरच उपयोगाची.

आधी सेव्ह फाइल

गेमची डिस्क जगात इतरत्र लाखो जणांकडे आहे. सोनीने १५ कोटींहून जास्त पीएस-२ विकले, तेव्हा डिस्क कुठे ना कुठे सापडेल. पण तुमच्या दादाने दहावीच्या सुट्टीत पूर्ण केलेली करिअर, मित्रांबरोबर बनवलेली टीम, क्रिकेट ०७ मध्ये नावं बदलून सजवलेले खेळाडू हे सगळं त्या ८ एमबीच्या एका कार्डावर आहे आणि जगात दुसरीकडे कुठेही नाही. कार्ड जुनं झालंय. ते आज चालतंय तोवरच काम उरका.

फ्री मॅकबूटच्या कार्डावर साधारणपणे 'यूलाँचएल्फ' हा फाइल मॅनेजर असतोच. तो उघडला की 'एमसी ०' आणि 'एमसी १' म्हणजे दोन मेमरी कार्ड आणि 'मास' म्हणजे पेनड्राइव्ह दिसतो. कार्डावर प्रत्येक गेमचा एक फोल्डर असतो. तो निवडा, आर-१ दाबा, कॉपी करा, मग 'मास'मध्ये जाऊन पुन्हा आर-१ दाबा आणि इथे साधा पेस्ट न करता 'पीएसयू पेस्ट' निवडा. हा फरक महत्त्वाचा आहे. साध्या पेस्टने फोल्डर जातो, पण कार्डावरची त्याची अंतर्गत माहिती वाटेत गळते आणि परत आणल्यावर काही गेम तो सेव्ह ओळखत नाहीत. पीएसयू पेस्टने अख्ख्या सेव्हची एकच बंद फाइल तयार होते. ती कॉम्प्युटरवर ठेवा, मेलवर ठेवा, घरच्या ग्रुपवर टाका. परत आणताना हीच क्रिया उलट दिशेने.

एक सावधगिरी. ज्या कार्डावर फ्री मॅकबूट आहे ते कन्सोलच्या मेन्यूतून फॉरमॅट करू नका, प्रोग्रामही जाईल. आणि ६४ किंवा १२८ एमबीच्या स्वस्त बिनकंपनीच्या कार्डांवर एकमेव प्रत ठेवू नका.

आता गेम

स्वतःच्या डिस्कची प्रत काढणं सोपं आहे. पीएस-२ ची डीव्हीडी कॉम्प्युटरच्या साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचली जाते. लॅपटॉपला ड्राइव्ह नसेल तर बाहेरून जोडायचा चालतो. विंडोजवर 'इमेजबर्न'सारखा मोफत प्रोग्राम अख्ख्या डिस्कची एक आयएसओ फाइल करून देतो. खालून निळसर दिसणारी डिस्क असेल तर ती डीव्हीडी नसून खरोखरीची सीडी आहे, हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

पेनड्राइव्हचा फॉरमॅट 'फॅट ३२' हवा आणि त्यावरची विभागणी जुन्या 'एमबीआर' पद्धतीची हवी. ३२ जीबीचा पेनड्राइव्ह घेणं सगळ्यात कमी डोकेदुखीचं, कारण विंडोजच्या नेहमीच्या फॉरमॅट खिडकीत त्याहून मोठ्या ड्राइव्हला फॅट ३२ चा पर्यायच दिसत नाही. सहा-सात डीव्हीडी त्यात मावतात. रस्त्यावर किंवा ऑनलाइन अविश्वसनीय स्वस्तात मिळणारा '२ टीबी' पेनड्राइव्ह नकोच, त्यात आत भलतीच छोटी चिप असते आणि ती भरली की पुढच्या फाइल हवेत विरतात.

पेनड्राइव्हवर इंग्रजी मोठ्या अक्षरांत 'डीव्हीडी' आणि 'सीडी' या नावांचे दोन फोल्डर बनवा आणि आयएसओ ज्याच्या त्याच्यात टाका. निळसर डिस्कची प्रत सीडीच्या फोल्डरमध्ये. कन्सोलवर हे गेम दाखवतो आणि चालवतो तो प्रोग्राम म्हणजे 'ओपन पीएस-२ लोडर', सगळे त्याला ओपीएल म्हणतात. त्याच्या सेटिंगमध्ये यूएसबी 'ऑटो' करायचं आणि बदल सेव्ह करायचे. सेव्ह करायला विसरलात तर पुढच्या वेळी यादी पुन्हा रिकामी.

इथे पहिली अडचण येते. फॅट ३२ वर एक फाइल जास्तीत जास्त ४,२९,४९,६७,२९५ बाइटची, म्हणजे ४ जीबीला एक बाइट कमी. भरलेली साधी डीव्हीडी ४.७ जीबीची आणि गॉड ऑफ वॉर २ तर दोन थरांच्या ८.५ जीबीच्या डिस्कवर आला होता. असे गेम 'यूएसबीयूटिल'सारख्या प्रोग्रामने १-१ जीबीच्या तुकड्यांत तोडावे लागतात. तुकड्यांची नावं विचित्र दिसतात म्हणून हौसेने बदलू नका. त्या नावातच कोणता तुकडा कोणत्या गेमचा हे लिहिलेलं असतं. ओपीएलच्या नव्या आवृत्त्या 'एक्सफॅट' फॉरमॅटही वाचतात, तिथे तोडफोडीची गरज नाही, पण तुमच्या कार्डावर जुनी आवृत्ती असेल तर पेनड्राइव्ह दिसणारच नाही.

काळी स्क्रीन का येते

सगळ्यात जास्त छळणारं कारण म्हणजे फाइलचे विखुरलेले तुकडे. कॉम्प्युटर पेनड्राइव्हवर जिथे जागा सापडेल तिथे फाइलचा थोडा थोडा भाग ठेवतो. आपल्याला ते कळतही नाही. ओपीएलला मात्र गेम सलग एका ओळीत हवा असतो. तुम्ही तीन गेम टाकले, मधला उडवला, त्या जागी मोठा गेम टाकला, की तो दोन ठिकाणी विभागला जातो. मग गेम यादीत दिसतो पण सुरू होत नाही.

यावर लोक डीफ्रॅगमेंट करायला सांगतात. पेनड्राइव्हसाठी तो उगाच झिजवणारा उपाय आहे. सगळ्या फाइल कॉम्प्युटरवर ठेवा, पेनड्राइव्ह फॉरमॅट करा आणि सगळे गेम एकापाठोपाठ एक परत टाका. एकाच वेळी दोन-तीन कॉपी चालू ठेवू नका, त्यातूनही फाइल विखुरतात.

तरीही एखादा गेम रुसला तर ओपीएलमध्ये त्याच्या सेटिंगमध्ये 'मोड' नावाचे काही पर्याय असतात, ते एकेक लावून पाहता येतात. पेनड्राइव्हऐवजी हार्ड डिस्क लावली आणि ती टकटक करत बंद पडत असेल, तर पोर्टमधून तिला पुरेशी वीज मिळत नाही. स्वतःचा वीजपुरवठा असलेली डिस्क घ्या. आणि व्हिडिओ अडखळत असेल तर त्यावर पेनड्राइव्हमध्ये इलाज नाही. स्लिम मॉडेलला मागे नेटवर्कचा पोर्ट असतो, त्यातून घरच्या कॉम्प्युटरवरचा गेम वायरने आणला तर वेग यूएसबीपेक्षा बराच जास्त मिळतो. जुन्या जाड मॉडेलमध्ये नेटवर्क अडॅप्टर लावून आत हार्ड डिस्क बसते. गंभीरपणे खेळणाऱ्यांनी तिकडे वळावं.

हे कायदेशीर आहे का?

भारताच्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२(१)(एए) सांगतं की संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे, त्याला ती हरवण्या-बिघडण्यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून बॅकअप प्रत काढता येते. तीही मूळ कामासाठीच वापरायची. २०१२ च्या दुरुस्तीने आलेलं कलम ६५-ए संरक्षक कुलूप तोडण्याबद्दल आहे आणि त्यात हक्कभंगाचा हेतू हा मुद्दा आहे. म्हणजे तुमच्याकडच्या डिस्कची तुमच्यापुरती प्रत एका बाजूला, आणि '५० गेम भरलेला पेनड्राइव्ह, घरपोच' ही जाहिरात दुसऱ्या बाजूला. दुसरी सरळ पायरसी आहे.

खरं सांगायचं तर आपल्याकडच्या अनेक घरांत मूळ डिस्क कधी नव्हत्याच. पण ज्यांच्याकडे आहेत त्यांनी त्या जपाव्यात. विशेषतः २००९ साली भारतासाठी निघालेले 'हनुमान: बॉय वॉरियर' आणि 'देसी अड्डा' यांसारखे गेम. विटीदांडू आणि पतंगाचे गेम असलेली पीएस-२ ची डिस्क काही जपान-अमेरिकेतल्या दुकानांत मिळणार नाही. अशी डिस्क घरी असेल तर गेम पेनड्राइव्हवर चालो न चालो, आयएसओ आजच काढून ठेवा.

आणि घरात पीएस-३ असेल तर सेव्ह वाचवण्याची आणखी एक वाट आहे, तीही सोनीचीच. पीएस-२ चं मेमरी कार्ड पीएस-३ च्या यूएसबीला जोडणारा एक छोटा अडॅप्टर कंपनीने काढला होता. तो लावला की फ्री मॅकबूट वगैरे काही न करता सेव्ह पीएस-३ वर कॉपी होतात. दुकानात आता नवा मिळणं कठीण, पण जुन्या वस्तूंच्या जाहिरातींत अधूनमधून दिसतो.