पडद्यावरचे ‘जॉनचाचा’ : डेव्हिड अब्राहम चेऊलकर

हिंदी चित्रपटाच्या इतिहासात नायक-नायिकांची नावे ठळक अक्षरांत लिहिली जातात. दुय्यम भूमिका करणारे नट मात्र श्रेयनामावलीच्या गर्दीत हरवतात. डेव्हिड हे असेच एक नाव. ठेंगणी मूर्ती, टक्कल आणि मिस्कील डोळे ही त्यांची ओळख. नावावरून त्यांना ख्रिस्ती समजणे स्वाभाविक होते. वस्तुतः डेव्हिड अब्राहम चेऊलकर हे बेने इस्रायली, म्हणजे शतकानुशतके कोकणात राहून मराठी हीच मातृभाषा मानणाऱ्या ज्यू समाजातले. अलिबागजवळचे चौल किंवा चेऊल हे गाव त्यांच्या आडनावात आजही नांदते आहे.

विल्सन कॉलेजची पदवी व कायद्याचे शिक्षण घेतलेला हा तरुण वकिलीकडे न वळता ‘झांबो’ (१९३७) या चित्रपटातून पडद्यावर आला. पुढील चार दशकांत त्यांनी शंभरांहून अधिक चित्रपटांत कामे केली. परंतु त्यांचे नाव चिरस्थायी केले ते ‘बूट पॉलिश’ (१९५४) मधील जॉनचाचाने.

राज कपूर निर्मित व प्रकाश अरोरा दिग्दर्शित या चित्रपटात झोपडपट्टीतील दोन अनाथवत भावंडांना त्यांची काकू भीक मागायला लावते. हात पसरू नका, कष्ट करून खा, हा धडा त्यांना जॉनचाचा देतो. विशेष हे, की हा उपदेशक स्वतः चोरून दारू विकणारा आहे व त्यापायी तुरुंगातही जातो. त्या काळी आणि नंतरही हिंदी चित्रपटांतील ख्रिस्ती माणूस बहुधा दारूच्या बाटलीसह अवतरत असे. डेव्हिड यांच्या वाट्यालाही तोच साचा आला होता. त्यांनी दारूविक्या जॉनमधला पाप ओळखणारा, मुलांवर निरपेक्ष माया करणारा माणूस दाखविला आणि साचा आतून फोडला. या भूमिकेला सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

पंचवीस वर्षांनी, बासू चटर्जींच्या ‘बातों बातों में’ (१९७९) मध्ये ते वांद्र्याच्या ख्रिस्ती कुटुंबातील टॉम अंकल झाले. पुतणीचे लग्न जमविण्यासाठी धडपडणारे हे वडीलधारे आपल्या प्रत्येक धर्मग्रामात भेटतात. त्यात थट्टा आहे, कुचेष्टा नाही. त्याच वर्षीच्या ‘गोलमाल’मध्ये ते तितक्याच सहजतेने डॉक्टर केदार झाले होते.

१९६९ साली ‘पद्मश्री’ने सन्मानित झालेल्या डेव्हिड यांचे अखेरचे दिवस कॅनडात गेले, टोरोंटो येथे त्यांचे निधन झाले.

वाचकहो, आपले चित्र पडद्यावर विपर्यस्त दिसते, ही आपली जुनी तक्रार आहे व ती रास्तही आहे. मात्र ते चित्र माणुसकीने रंगविणारा एक हात आपल्याहूनही अल्पसंख्य अशा मराठी समाजातील शेजाऱ्याचा होता, याची नोंद आपल्या इतिहासात अवश्य असावी.