जुन्या फोनची किल्ली



बारामती-इंदापूरच्या उसाच्या मळ्यांत विहिरीवरच्या स्टार्टरशेजारी कोठे कोठे जुना, बटणांचा मोबाईल फोन जोडलेला असतो. शेतीपंपाची वीज पुष्कळदा रात्री येते. घरून त्या फोनला फोन लावला, की पंप चालू होतो. पुण्याचे संतोष ओस्तवाल यांनी 'नॅनो गणेश' या नावाने ही युक्ती रूढ केली. तो फोन बिघडला, तर शेतकऱ्याला अंधारात, विंचूकाट्यांतून विहीर गाठावी लागते. म्हणून त्याच्या दुरुस्तीचा इतिहास आम्हांस क्षुल्लक वाटत नाही.

देशातले पहिले मोबाईल संभाषण 31 जुलै 1995 रोजी कलकत्ता व दिल्ली यांमध्ये झाले. 2003 साली बॅटरीचा दिवा असलेला नोकिया 1100 निघाला आणि खेडोपाडी पोचला. तो दुरुस्त करणाऱ्याजवळ रेडिओवाल्याचीच हत्यारे होती : कावीया, मल्टिमीटर, चिमटा. त्यांनी तुटलेला सांधा जोडता येई. पण फोनच्या स्मृतीतली आज्ञावली बिघडली, तर ती नव्याने लिहावी लागते. यालाच दुकानात 'फ्लॅश मारणे' म्हणतात. त्यासाठी बाजारात 'यूएफएस', 'जॅफ' अशा पेट्या आल्या. चिनी फोनांसाठी 'इन्फिनिटी' आली. नोकियाच्या बॅटरीखालच्या बिंदूंवर केबलची टोके टेकवायची. पेटी आधी एक छोटी आज्ञावली आत धाडते, मग तिच्या मदतीने सगळी नवी लिहिते.

या हत्याराचा दुरुपयोगही झाला. चोरीच्या फोनचा आयएमईआय क्रमांक बदलता येऊ लागला. 2017 च्या नियमांनी तो गुन्हा ठरविला, हे योग्यच झाले.

पण दुसरी गोष्ट आम्हांस अधिक बोचते. बलुतेदार सुताराचा वाकस त्याचा स्वतःचा होता. गिरणीत यंत्र मालकाचे झाले. येथे पेटी कारागिराने पैसे मोजून घेतलेली, पण तिच्यातले कार्ड आणि दूरचा सर्व्हर परक्याच्या ताब्यात! जी पेटी सर्व्हरला विचारूनच चालते, ती तो बंद होताच लाकडाचा ठोकळा होते. नोकियाचा श्रीपेरुंबुदूरचा कारखानाही 2014 साली बंद पडला. त्याच्या फोनांचे काम मात्र मळ्यात चालूच आहे.

डिसेंबर 2022 मध्ये केंद्र सरकारने 'दुरुस्तीच्या हक्का'चे संकेतस्थळ उघडले. आमची मागणी साधी आहे : कंपनीने एखाद्या फोनची साथ सोडली, की त्याचे नकाशे व आज्ञावली कारागिरांसाठी खुल्या कराव्यात. हत्यार ज्याच्या हातात, किल्लीही त्याच्याच हातात हवी.