कॉलेजमध्ये नॅनो लॅब नाही, मग संशोधन कुठे करायचं?
चिपवर नॅनोमीटरच्या मापाची नक्षी उमटवायची, तर धुळीचा एक कण म्हणजे दरडच! म्हणून 'क्लास १००' क्लीनरूमच्या एका घनफूट हवेत अर्ध्या मायक्रॉनचे किंवा त्याहून मोठे कण फार तर १०० चालतात. नक्षीसाठी लागणारं रसायन निळ्या आणि अतिनील प्रकाशाने बदलतं, त्यामुळे दिवेही पिवळे. अशी खोली उभारणं, आणि ती रात्रंदिवस चालू ठेवणं, बहुतेक कॉलेजांच्या आवाक्याबाहेरचं.

२००६ मध्ये केंद्र सरकारच्या निधीतून आयआयटी मुंबई आणि बेंगळुरूच्या आयआयएस्सीत नॅनोइलेक्ट्रॉनिक्स केंद्रांचं काम सुरू झालं. पुढे 'आयएनयूपी' कार्यक्रमातून ती बाहेरच्या संशोधकांनाही खुली झाली. आधी कार्यशाळा, मग यंत्रांवर प्रत्यक्ष प्रशिक्षण आणि प्रस्ताव मंजूर झाला, तर तिथेच स्वतःचा प्रकल्प.