जात्यावरची ओवी आणि हक्कसोडपत्र

महाराष्ट्रातील इतिहाससंशोधनाची घडण कागदावर झाली. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनी १८९८ मध्ये 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला, तेव्हापासून बखरीपेक्षा अस्सल पत्र श्रेष्ठ हा दंडक अभ्यासकांच्या हाडीमाशी खिळला. या शिस्तीचे ऋण मोठे आहे. तथापि तिचा एक परिणाम असा झाला की, जिचा कागद नाही तिचा इतिहासही नाही, असे न बोलता ठरून गेले. पेशवे दफ्तरात सामान्य स्त्री मुळीच नाही असे नव्हे. वतनाच्या तंट्यातील विधवा, बदकर्माच्या आरोपातील बायको, विकली-घेतली जाणारी कुणबीण अशा रूपांनी ती तेथे भेटते; पण भेटते ती कारकुनाच्या भाषेत. तिचे स्वतःचे बोलणे हवे असेल, तर साधन दुसरीकडे शोधावे लागते. जात्यावरची ओवी हे असे साधन आहे. मात्र ते पुराव्यादाखल कसे वापरावे, याविषयी आपल्याकडे पुरेशी चिकित्सा झालेली नाही.

ओव्या गोळा करण्याची परंपरा जुनी आहे. साने गुरुजींचे 'स्त्रीजीवन', डॉ. कमलाबाई देशपांडे यांचे 'अपौरुषेय वाङ्मय', पुढे डॉ. सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या द्वारे केलेले प्रचंड काम, हे टप्पे सर्वांस परिचित आहेत. कमलाबाईंनी तर वेदांना लावले जाणारे विशेषण बायकांच्या गाण्यांना लावून, एका शब्दात मोठा वाद उपस्थित केला. परंतु या संग्राहकांची दृष्टी मुख्यतः वाङ्मयीन किंवा संस्कृतिदर्शनाची होती. ओव्यांची मांडणी विषयवार होते : माहेर, सासर, भाऊ, लेक, पंढरी. ओवी कोणाच्या तोंडची, ती बाई कोणत्या जातीची, तिच्या घरी जमीन किती, ती सासुरवाशीण की सासू, ही माहिती सहसा मिळत नाही. इतिहासाच्या विद्यार्थ्याला हे वाचन म्हणजे तारीख व मायना फाडून टाकलेल्या पत्रांचे वाचन होय.

या दृष्टीने खरा पालट १९८० नंतर घडला. मूळचे फ्रान्सचे गी प्वातवें आणि पुण्याच्या हेमा राईरकर यांनी मुळशी-मावळच्या डोंगरी भागात गरीब डोंगरी संघटनेच्या कामातून ओव्यांचे संकलन सुरू केले. ते वाढत जाऊन एक लाखाहून अधिक ओव्यांचा, सहस्राधिक गावांतील गायिकांचा संग्रह सिद्ध झाला. १९९० च्या दशकात बर्नार बेल यांनी त्यांतील काही भागाचे ध्वनिमुद्रण केले. ओव्यांबरोबर गायिकेचे नाव, गाव व सामाजिक स्थिती यांची नोंद ठेवण्याचा प्रयत्न येथे झाला. शिवाय संकलकांतील कित्येक जणी स्वतःच दळण दळलेल्या, ओवी गायलेल्या होत्या. विचारणारी आणि सांगणारी यांच्यातील अंतर त्यामुळे कमी झाले. ते नाहीसे झाले असे मात्र कोणी समजू नये. संघटनेची कार्यकर्ती आल्यावर जे सुचते ते पहाटे एकटीने दळताना सुचणाऱ्याहून निराळे असू शकते.

आता एका विषयापुरता विचार करू. ओवीवाङ्मयात भाऊ विपुल आहे. तो मुऱ्हाळी म्हणून येतो, चोळी-बांगडी करतो, त्याच्या वाटेकडे बहिणीचे डोळे लागलेले असतात. आणि त्याच्या दारात भावजय उभी असते, जिच्या एका शब्दावर माहेरपण सुखाचे होईल की दुःखाचे हे ठरते. जुन्या समीक्षेने यास बंधुप्रेम म्हटले व ती सद्गदित झाली. प्रेम नाही असे कोण म्हणेल? पण एवढ्यावर थांबणाऱ्या वाचनाला एक साधा प्रश्न पडत नाही : वडिलांच्या पश्चात बहिणीचा माहेरावर दुसरा कोणता अधिकार होता?

त्याचे उत्तर दुसऱ्या साधनात आहे. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने मुलीला वडिलांच्या मिळकतीत वारस मानले, परंतु एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत तिला जन्मसिद्ध सहदायक केले नाही. महाराष्ट्राने १९९४ मध्ये ती दुरुस्ती केली, पण त्यापूर्वी विवाह झालेल्या मुलींना वगळून. केंद्राची दुरुस्ती २००५ मध्ये आली. कायदा असा पावलापावलाने पुढे येत असता, गावोगाव दुसरा एक कागद रूढ झाला, तो म्हणजे हक्कसोडपत्र. त्यात बहीण भावाच्या लाभात आपला हिस्सा सोडते, आणि ते 'राजीखुशीने', कोणाच्याही दडपणावाचून, असे लिहिलेले असते. सातबाऱ्यावरून तिचे नाव उतरते. अस्सल कागदाच्या कसोटीवर हा पुरावा निर्दोष आहे. राजवाड्यांच्या शिस्तीत वाढलेला संशोधक त्यावरून बहिणींनी स्वेच्छेने हक्क सोडला असेच लिहील.

मला असे वाटते की, येथे ओवी कागदावरचे भाष्य ठरते. चोळी-बांगडी ही हिश्श्याच्या बदली मिळणारी, दरवर्षी नव्याने मागावी लागणारी आणि भावजयीच्या मर्जीवर अवलंबून असणारी वस्तू आहे. जमीन मागितली तर दार बंद होते; दार उघडे ठेवावयाचे तर जमीन सोडावी लागते. बीना अगरवाल यांनी १९९४ च्या आपल्या ग्रंथात दक्षिण आशियातील स्त्रिया व जमीन यांचा विचार करताना हा व्यवहार स्पष्ट केला आहे. इरावती कर्वे यांनी १९५३ मध्ये आप्तसंबंधांच्या विवेचनात मामेबहिणीशी विवाहाची मराठी प्रथा मांडली, तीही येथे जोडून पाहण्याजोगी आहे. भावाची लेक सून करून आणण्याची इच्छा ओव्यांत पुनःपुन्हा येते. सुटलेल्या घराशी दुसऱ्या वाटेने नाते बांधण्याचा हा यत्न नव्हे काय?

अर्थात ओवी म्हणजे साक्षीदाराची जबानी नव्हे. तिचे साचे ठरलेले असतात. जिला भाऊ नाही तीही भावाची ओवी गाते. म्हणून ओव्या मोजून टक्केवारी काढणे व्यर्थ होय. त्यांतून प्रत्यक्ष काय घडले हे न कळता, काय बोलणे शक्य होते हे कळते. उरलेले काम मुलाखतीने करावयाचे असते, आणि तीही बेताने. 'हक्क का सोडलात?' असे विचारले तर हक्कसोडपत्रातलेच वाक्य ऐकू येण्याची भीती असते, विशेषतः भाऊ ओटीवर बसला असेल तर. त्याऐवजी पहिले बाळंतपण कोठे झाले, गेल्या दिवाळीला न्यावयास कोण आले, आजारपणात कोणाच्या घरी राहिलात, असे विचारावे. उत्तरे व सातबाऱ्यावरील फेरफाराच्या तारखा शेजारी ठेवल्या की साखळी लागू लागते.

जमीन नसलेल्या घरांतील ओवीचा विचार निराळा करावयास हवा. दलित स्त्रियांच्या अनेक ओव्यांत बाबासाहेब आंबेडकर भावाच्या नात्याने येतात. सोडावयास हिस्साच नव्हता, तेथे भाऊ या साच्यात निराळे मागणे भरले गेले. मुलीला वारसाहक्क देण्याची तरतूद असलेले हिंदू कोड बिल रखडले, तेव्हा १९५१ मध्ये याच बाबासाहेबांनी मंत्रिपद सोडले होते. ती ओवी गाणाऱ्यांना त्या बिलाची वार्ता होती की नाही, हे ओवीवरून ठरत नाही. ते त्यांनाच विचारावे लागेल, आणि हाताने दळलेली ती पिढी आता वृद्ध झाली आहे.