परक्या नावाचे गाणे

एकाच गाण्याने कीर्तीच्या शिखरावर चढलेला आणि पुढे विस्मृतीत गेलेला गायक सर्व देशांत आढळतो. त्याच्याविषयी बोलताना आपल्या स्वरात थोडी कीव असते. श्रोतेहो, ही कीव दर वेळी योग्य ठिकाणी पडते काय, अशी शंका मला क्यू साकामोतोच्या चरित्रावरून येते.

१९६३ च्या जून महिन्यात अमेरिकेतील ‘बिलबोर्ड’ नियतकालिकाच्या लोकप्रिय गीतांच्या यादीत या एकवीस वर्षांच्या जपानी तरुणाचे गाणे तीन आठवडे पहिल्या स्थानी होते. त्यातील एकही शब्द बहुसंख्य श्रोत्यांना कळत नव्हता. जपानात मात्र ते १९६१ मध्येच गाजले होते. चाल हाचिदाई नाकामुराची, शब्द रोकुसुके एइचे. १९६० साली अमेरिकेबरोबरच्या सुरक्षा कराराविरुद्ध जपानी तरुण रस्त्यावर उतरले. करार तरीही अमलात आला. त्या पराभवाची खंत मनात घेऊन एइने रात्री एकट्याने चालणाऱ्या, डोळ्यांतले पाणी लपवणाऱ्या माणसाचे गीत रचले. ज्या देशाबरोबरच्या करारामुळे ही खंत उपजली, त्याच देशाने ते डोक्यावर घ्यावे, हा इतिहासाचा विनोदच म्हणायचा.

त्याहून मोठा विनोद नावाचा. मूळ शीर्षक ‘उए ओ मुइते आरुको’. इंग्लंडातील पाय या ध्वनिमुद्रिका कंपनीला ते उच्चारण्यास अवघड वाटले. केनी बॉलच्या वाद्यवृंदाने ती धून वाजवली, तेव्हा कंपनीने तिला ‘सुकियाकी’ हे नाव दिले आणि तेच अमेरिकेत रूढ झाले. सुकियाकी म्हणजे गोमांसाचे पातळ काप भाज्यांसह शिजवून केलेला पदार्थ! आमच्या दप्तरांतही फाइलीवरचा विषय एक आणि आतला मजकूर दुसरा, असे अधूनमधून घडते. पण इतके क्वचितच.

साकामोतोचे पुढचे गाणे अमेरिकेत अठ्ठावन्नाव्या क्रमांकापलीकडे चढले नाही, आणि तेथे त्याच्यावर एका गाण्याचा गायक असा शिक्का बसला. मायदेशी तो चित्रपटांत आणि दूरचित्रवाणीवर दिसत होता, त्याची इतर गाणीही लोकांच्या ओठी होती. एकच गाणे ऐकले ते अमेरिकेने; त्याने अनेक गायिली होती.

१९८१ मध्ये ‘अ टेस्ट ऑफ हनी’ या गायिकाद्वयाने हीच धून इंग्रजी शब्दांत गाऊन तिसरा क्रमांक मिळवला. शब्द विरहाचे होते, नाव मात्र ‘सुकियाकी’च राहिले. १२ ऑगस्ट १९८५ रोजी तोक्योहून ओसाकाला निघालेले जपान एअरलाइन्सचे विमान डोंगरावर कोसळले. मृत पावलेल्या ५२० जणांत त्रेचाळीस वर्षांचा साकामोतो होता.